चौथी हरवली, तर पहिल्या तीन लावा

परवा लातूरच्या मोंढ्यात माझी जी शोभा झाली, ती अजून अंगावरून उतरलेली नाही. दिवाळीला गावी आलो होतो. अण्णांचं बावीस कट्टे सोयाबीन आडतीला घातलं, सौदा झाला, काटा झाला, आणि हिशेबाची पट्टी निघायच्या वेळेला शेठच्या कॉम्प्युटरवर एक चौकट उगवली. शेठ चौकटीकडं बघत राहिले, अण्णा माझ्याकडं. "आमचं पोरगं पुण्यात ह्याच्यातच हाय," अण्णा म्हणाले. ह्या वाक्याची कुणालाही गरज नव्हती.

लॉगफोरनेट (log4net), आवृत्ती १.२.१०.०, ही फाईल उघडता आली नाही, असं चौकटीचं म्हणणं. ह्या घराण्याला मी चांगला ओळखतो. प्रोग्राम चालताना काय काय घडलं ते तारीख-वेळेसकट लिहून ठेवायचं, एवढंच हिचं काम. पट्टी ही काढत नाही, वजन धरत नाही, हमाली कापत नाही. नुसती लिहिते. आहेराची वही घेऊन बसणारा माणूस आला नाही म्हणून नवरदेव घोड्यावरून उतरून घरी निघून गेला, त्यातला प्रकार. बरं, बिघाड का झाला हे जिच्यामुळं कळायचं तीच बेपत्ता, त्यामुळं बिघाड का झाला हेही कुठं लिहिलेलं नाही.

बाकावर औशाकडचे एक मामा सकाळपासून पट्टीसाठी बसून होते. इंग्रजी येत नव्हतं, पण आकडे पक्के. चौकटीतल्या नावावर त्यांनी लांबूनच बोट धरलं.

"त्यो चार कशाचा वो?"

"फाईलीचं नाव आहे मामा. लॉग फोर नेट. ती सापडंना."

"चौथी हरवली?"

"हां, म्हणजे..."

"मग पहिल्या तीन हायत का बगा की. तीनवर भागंना का?"

इथं मी गप बसायला पाहिजे होतं. पण पगार समजावून सांगायचाच घेतो, त्यामुळं खोड लागलेली. म्हटलं, "मामा, तो चार म्हणजे चार नव्हे. इंग्रजीत फोर म्हणजे 'साठी' पण होतं. आधी जावा नावाच्या प्रोग्रामच्या भाषेसाठी एक केली, तिचं नाव लॉगफोरजे. तिच्यावरून मायक्रोसॉफ्टच्या डॉटनेटसाठी केली ती ही."

तंबाखू मळणारा अंगठा थांबला.

"चार म्हंजी साठी?"

"हो."

"साठी." मामांनी शेठकडं बघितलं, मुनीमजींकडं बघितलं, हमालांकडंही बघून घेतलं. "मग बुद्धी नाठी हुणारच की. तुमचा काय दोष न्हाई, लेकरा."

हमाल खो-खो हसले. शेठ हसले. अण्णा दुसरीकडं बघून हसले, ते मला जास्त लागलं.

"आन् करतीया काय ती?" मामांचं अजून संपलेलं नव्हतं.

"नुसती लिहिती."

"लिहिणारं मानूस गरीब आसतंय. त्याच्यावाचून कामून अडायलंय?"

गरीब म्हणे! डिसेंबर २०२१ मध्ये ह्याच घराण्यातल्या थोरल्या बहिणीनं, म्हणजे लॉगफोरजेनं, जगाची झोप उडवली होती. समोरचा जे बोलेल ते लिहायचं, एवढं सोडून ती त्याचा अर्थ लावायला जायची. मुनीमजींना कुणी सांगावं, 'लिहा, तिजोरीची किल्ली अमक्याला द्या', आणि मुनीमजींनी लिहिता लिहिता उठून किल्ली देऊन यावं, तसं. धोक्याची पातळी दहापैकी दहा. दुरुस्तीची आवृत्ती २.१५ आली, ती पुरेना म्हणून २.१६, मग २.१७, मग २.१७.१, सगळं एका महिन्यात. माझ्या त्या रात्री कुणी भरून दिल्या नाहीत. लॉगफोरनेटचा त्यात हात नव्हता, पण ते नाव दिसलं की मला अजून जांभई येते.

तर फोल्डर उघडला. आणि फाईल तिथंच होती! आदल्या दिवशी वजनकाट्याचं नवं सॉफ्टवेअर टाकायला आलेल्या पोरानं जुनीच्या जागी नवी टाकलेली. नाव तेच, काम तेच. पण १.२.११ पासून ह्या फाईलीवरची सही बदलली, आणि जुना प्रोग्राम जुनी सही बघितल्याशिवाय दारात उभं करत नाही.

मामांना हे मात्र पटकन कळलं. "सामाईक हिरीचं आसंच आसतंय. धाकल्यानं मोटार बदलली की थोरल्याचा पाइप बसंना."

मला मात्र अण्णांचा सातबारा आठवला. आधारवर ज्ञानोबा, सातबाऱ्यावर ग्यानोबा. एवढ्यापायी गेल्या साली पीकविमा अडकला आणि अण्णांनी सात खेटे घातले. माणूस तोच, रान तेच, वाळून गेलेलं पीकही तेच. ह्या चौकटीनं निदान कुठली आवृत्ती पाहिजे ते आकड्यात सांगितलं. खिडकीवरचा माणूस सातही वेळा नुसतं "उद्या या" म्हणाला.

प्रोग्राम देणाऱ्याला फोन लावला. जुनी फाईल मेलवर टाका, दोन मिनिटांचं काम आहे म्हटलं. "दिवाळीनंतर बघू." आवाजामागं फटाके वाजत होते.

मुनीमजी तोवर बोलले नव्हते. त्यांनी खणातून पट्टीचं जुनं पुस्तक काढलं, खाली कार्बन घातला, आणि वजन गुणिले भाव, वजा हमाली, वजा तोलाई असं तीन मिनिटांत लिहून मोकळे झाले. भाव ४१५०. २०२५-२६ च्या हंगामाचा हमीभाव ५३२८. कॉम्प्युटरनं छापली असती तरी ह्याच आकड्याची पट्टी निघाली असती, म्हणून तोंड मिटून घेतली.

उठता उठता मामांनी मुनीमजींना आठवण केली, "आज मशीन बंद हुतं ते लिवून ठिवा. उद्या भांडण नको." मुनीमजींनी रोजकीर्द ओढली, घड्याळ बघितलं आणि सावकाश लिहिलं: दुपारी १ वाजून १० मि., कॉम्प्युटर नादुरुस्त. पुण्याहून आलेल्या साहेबांनी दीड तास बघितले. जमले नाही.

मामांना वाचता येत नव्हतं, म्हणून त्यांनी ते मोठ्यानं वाचायला लावलं. दोनदा.