शेजारच्या आजींकडे दुर्लक्ष कसे करावे

सभ्य शेजारी होणे अवघड नाही, थोडा सराव लागतो.

दाराला बाहेरून कुलूप आणि आतून हाक, असे असेल तर टीव्हीचा आवाज वाढवावा.

दंडावर काळेनिळे वळ दिसले की "पडल्या असतील" म्हणावे. या वयात माणसे पडतातच. वळ बरोबर चार बोटांचे उमटतात, तो योगायोग.

अंग झडले, खोलीतून वास येतो, पाठीला जखमा झाल्या: "वय झालं."

मुलगा पासबुक आणि एटीएम कार्ड स्वतःकडे ठेवतो, त्याचे कौतुक करावे. नोव्हेंबरात हयातीच्या दाखल्यासाठी तो आईला न्हाऊ घालून, धुतलेले लुगडे नेसवून बँकेत नेतो, तेव्हा तर हमखास करावे. मोडलेल्या चष्म्याचा विषय काढू नये.

आणि चौकीवर तर मुळीच जाऊ नये. मी गेल्या आठवड्यात गेलो. "तुम्ही त्यांचे कोण?" शेजारी, म्हटल्यावर पेन खाली ठेवले गेले. "घरगुती मामला आहे. म्हातारीला समक्ष येऊन लेखी द्यायला सांगा." म्हणजे कुलपाआडच्या, चष्मा नसलेल्या बाईने चौकीचा जिना चढून अर्ज लिहायचा! माणसाला कोंडून ठेवणे हा दखलपात्र गुन्हा आहे आणि त्याची खबर कुणीही देऊ शकतो, हे मी पोलिसांना सांगायचे? सांगितले. तर त्यांनी माझ्यादेखत मुलाला फोन लावून तक्रार कुणी केली तेवढे कळवले. संध्याकाळी सोसायटीच्या ग्रुपवर "काहींना दुसऱ्यांच्या घरात डोकावायची सवय असते", खाली अंगठ्यांची रांग. सेक्रेटरींनी हात जोडले, "रीडेव्हलपमेंटची बोलणी चाललीत, वातावरण बिघडवू नका."

आईवडील आणि ज्येष्ठांच्या देखभालीचा कायदा आहे हो, 2007 पासून. पोटगीसाठी प्रांताच्या, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्याच्या, न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो. म्हाताऱ्या माणसाला जमत नसेल तर त्याने सांगितलेला दुसरा कुणी करू शकतो, न्यायाधिकरण स्वतःहूनही दखल घेऊ शकते. नोटीस बजावल्यापासून 90 दिवसांत निकाल द्यायचा असतो. सांभाळण्याच्या अटीवर दिलेले घर, सांभाळले नाही तर परत मिळू शकते. फक्त बक्षीसपत्रात ती अट घालायला सांगणारे त्या दिवशी कुणी भेटत नाही. आईबापाला वाऱ्यावर सोडण्याची शिक्षा तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा 5,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. पाच हजार! पोराच्या वाढदिवसाचा केकसुद्धा एवढ्यात भागत नाही यांचा.

आणि तुम्ही, अंगठेवाले! तुमच्यातल्या प्रत्येकाने ती हाक ऐकली आहे. भिंत तीच, डक्ट तोच. पार्किंगमध्ये कुणाची स्कूटर वीतभर पुढे आली तर वकिलाची नोटीस धाडता, आणि बाई उपाशी ओरडते तेव्हा तो "त्यांच्या घरचा प्रश्न"? लाज वाटू द्या जरा. 14567 ही ज्येष्ठांची हेल्पलाइन आहे, पैसे पडत नाहीत. तिथे नातं विचारत बसत नाहीत. आत्ता आतून आवाज येत असेल तर थेट 112 लावा, आणि गाडी येईपर्यंत त्या दारासमोर उभे राहा, सगळे, सेक्रेटरींसकट.