वनराज भाटियांना म्हणे सारेगम येत नव्हतं!

परवापासून तीन वेगवेगळ्या ग्रुपवर तेच फॉरवर्ड आलंय. शेवटचं आमच्या मावशीने पाठवलं, खाली दोन रडके इमोजी, त्यामुळे आता गप्प बसवत नाही. थोडक्यात मजकूर असा: वनराज भाटिया नावाचा एक संगीतकार होता, लंडन-पॅरिसला शिकला, पण भारतीय संगीत त्याला येत नव्हतं, म्हणून सिनेदिग्दर्शक श्याम बेनेगल सोडून कुणी काम दिलं नाही, मग पोटासाठी जाहिरातींच्या जिंगल करत बसला, 'मेरो गाम काथा पारे' हे खरं तर गुजराती लोकगीत, ते नुसतं उचललं, आणि देशाने काहीही न देता हा माणूस भांडी विकत उपाशी मेला.

यातला लंडन-पॅरिसचा भाग खरा आहे. बाकीचं बघू.

भारतीय संगीत येत नव्हतं हे सगळ्यात जास्त खटकतं, कारण ते आपल्या गिरगावच्या तोंडावर मारल्यासारखं आहे. भाटिया १९२७ साली मुंबईत कच्छी कुटुंबात जन्मले, न्यू एरा शाळेत शिकले, आणि शाळकरी वयातच देवधर मास्तरांच्या स्कूल ऑफ इंडियन म्युझिकमध्ये हिंदुस्थानी शास्त्रीय गाणं शिकायला जात होते. ऑपेरा हाऊसजवळची ती शाळा म्हणजे बी. आर. देवधरांची, मूळ मिरजेचे, विष्णु दिगंबरांचे शिष्य, ज्यांच्याकडे कुमार गंधर्व घडले ती. आणि गंमत बघा, देवधर मास्तरांनी स्वतः पाश्चात्य संगीतही शिकून घेतलं होतं, म्हणजे दोन्हीकडे कान ठेवायचा हे त्या जागेच्या हवेतच होतं. पियानोचं वेड नंतरचं, किशोरवयात चायकोव्हस्कीचा पियानो कॉन्चेर्टो ऐकून लागलेलं. मग एल्फिन्स्टन कॉलेजातून इंग्रजीत एमए, मग लंडनची रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिक, मग पॅरिसला नादिया बुलांजे या संगीतशिक्षिकेकडे.

या बुलांजेबाई कोण ते फॉरवर्डवाल्याला माहीत असतं तर त्याने 'परदेशात शिकला' हे टोमण्यासारखं लिहिलंच नसतं. त्याच, म्हणजे १९५० च्या दशकात आर्जेंटिनाचा संगीतकार पियाझोला त्यांच्याकडे आला होता, आपला टँगो लपवून, मोठ्या युरोपियन सिम्फनीच्या थाटाचं काहीतरी लिहून, आणि बाईंनी त्याला सांगितलं की तुझं खरं संगीत त्या टँगोत आहे, ते सोडू नकोस. म्हणजे तिथे शिकून माणूस स्वतःच्या मातीपासून तुटतो हा समजच उलटा आहे, तिथे तुम्हाला काउंटरपॉइंट, म्हणजे एकाच वेळी अनेक सुरावटी गुंफायचं तंत्र, इतकं घोटून घ्यायला लावायचे की नंतर तुम्ही तुमचा टँगो लिहा नाहीतर ठुमरी, हात बसलेला असायचा.

ठुमरीवरून आठवलं, 'सरदारी बेगम' ऐकलाय का? १९९६ चा सिनेमा, संगीत भाटियांचं. त्यातल्या ठुमरी-दादऱ्याच्या अंगाच्या चीजा आरती अंकलीकर गायल्यात, आणि ज्याला सारेगम येत नाही त्याने केलेलं काम असं वाटत असेल तर कान तपासून घ्या.

पण माझ्या मते या मुद्द्याचं खरं उत्तर आहे 'भूमिका', १९७७ चा. हंसा वाडकरांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मचरित्रावरचा सिनेमा, त्यामुळे त्यात नायिकेच्या आयुष्याबरोबर सिनेसंगीताचाही काळ पुढे सरकत जातो. म्हणजे संगीतकाराला एकाच सिनेमात घरातली तालीम पण द्यायची, जुन्या बोलपटाचं गाणं पण, आणि नंतरच्या काळातलं पण, आणि प्रत्येक त्या त्या काळातलंच वाटलं पाहिजे. भाटियांनी काय केलं, तर आवाजच त्या काळातले आणले. सरस्वतीबाई राणे, म्हणजे अब्दुल करीम खाँसाहेबांची मुलगी. फिरोज दस्तूर, किराणा घराण्याचे गवई आणि तरुणपणी स्वतः बोलपटात काम केलेले. हे सुचायला नुसती पाश्चात्य हार्मनी येऊन चालत नाही, इथल्या गाण्याचा इतिहास डोक्यात असावा लागतो. मी हा सिनेमा पहिल्यांदा पाहिला तेव्हा ती गाणी खरंच जुनी आहेत, कुठून तरी रेकॉर्ड शोधून लावलीयेत असंच समजत होतो, कित्येक वर्षं.

बेनेगल सोडून कुणी काम दिलं नाही, हे पाच मिनिटांत निकालात निघतं. बेनेगलांबरोबर 'अंकुर'पासून खूप केलं, मान्यच. पण '३६ चौरंगी लेन' अपर्णा सेनचा, 'जाने भी दो यारो' कुंदन शाहचा, 'पेस्तनजी' आपल्या विजयाबाई मेहतांचा, 'तमस' गोविंद निहलानींचा. 'तमस'च्या सुरुवातीची ती 'ओ रब्बा' अशी हाक ऐकून आमच्या घरात अजूनही कुणीतरी आवाज कमी करायला उठतं. त्याच कामासाठी त्यांना संगीत दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळालाय.

आता जिंगल. लिरिल, गार्डन वरेली, ड्युलक्स, अशा हजारो केल्या त्यांनी, आणि केल्या त्यात लाज कसली? एक साधी गोष्ट लक्षात घ्या. दिल्ली विद्यापीठात १९६० ते ६५ ते पाश्चात्य संगीत शिकवत होते, म्हणजे चांगली प्राध्यापकी करून आलेला माणूस आहे, रस्त्यावर आला म्हणून जाहिराती करत नव्हता. आणि तीस सेकंदांत धून बसवायची, त्यात मूड यायला हवा, मालाचं नाव यायला हवं, आणि ऐकणाऱ्याने दुसऱ्या दिवशी गुणगुणायला हवं, ही शिस्त पुढे 'अंकुर'सारख्या कमी बजेटच्या, कमी वाद्यांच्या सिनेमात कामालाच आली असणार, हे माझं मत. आपल्याकडे जिंगल म्हटलं की नाक मुरडायची सवय आहे, तीच माणसं अंघोळीला गेली की लिरिलचं ला-ला-ला गातात.

लोकगीताबद्दल. 'मेरो गाम काथा पारे' १९७६ च्या 'मंथन'साठी तयार झालेलं गाणं आहे. हा तोच सिनेमा ज्यासाठी गुजरातच्या पाच लाख दूधवाल्या शेतकऱ्यांनी दोन-दोन रुपये दिले. गायली प्रीती सागर, आणि तिला त्यासाठी फिल्मफेअर मिळालं. नंतर अमूलच्या जाहिरातीत ते इतकं वाजलं की लोकांना ते कायमचंच आहे असं वाटायला लागलं. संगीतकाराला यापेक्षा मोठी दाद काय मिळणार, पण त्याचं नाव पुसून नाही ना द्यायची!

तसंच 'भारत एक खोज'चं. दूरदर्शनवर १९८८ ला सुरू झालं, सुरुवातीला ऋग्वेदातलं नासदीय सूक्त आणि मग त्याचा हिंदी अवतार, 'सृष्टि से पहले सत् नहीं था'. ते हिंदी शब्द वसंत देवांचे, आपली मराठी नाटकं हिंदीत नेणारे तेच. आधी मंत्रपठण आणि मग त्यावर कोरस चढत जातो. मला विचाराल तर देवधर मास्तर आणि बुलांजेबाई एकाच गाण्यात बसलेल्या ऐकायच्या असतील तर हेच ऐका.

देशाने काही दिलं नाही हे तर सरळ चूक. संगीत नाटक अकादमी पुरस्कार १९८९, पद्मश्री २०१२.

राहिला शेवटचा, भांडी आणि उपासमारीचा. इथे मी सावध बोलतो कारण यात थोडं खरं आहे. २०१९ मध्ये बातम्या आल्या होत्या की खात्यात पैसे नाहीत, गुडघे दुखतायत, घरातल्या वस्तू विकायची वेळ आलीये. त्या वाचून वाईट वाटलं होतं. पण बातम्या आल्यावर मदतही पोचली, आणि ७ मे २०२१ ला ते मुंबईत स्वतःच्या घरी गेले, ९३ वर्षांचे होऊन. फुटपाथवर नाही, उपाशी नाही. मला राग याचा येतो की 'बिचारा कलाकार' म्हटलं की प्रश्न तिथेच संपतो. पैसे का नव्हते हे कुणी विचारत नाही. त्यांच्या कामाच्या ऐन काळात जिंगल असो की सिनेमा, बहुतेक वेळा एकरकमी मानधन घ्यायचं आणि धून निर्मात्याची. संगीतकाराला रॉयल्टीचा हक्क सोडून देता येणार नाही अशी तरतूद कॉपीराइट कायद्यात आली २०१२ च्या दुरुस्तीत, तेव्हा भाटिया ८५ चे होते. म्हणजे ज्या वर्षी पद्मश्री, त्याच वर्षी हा हक्क.

मावशीला हे सगळं पाठवलंय. तिचं उत्तर आलं, एवढं लांब कोण वाचणार, तू ते लिरिलचं गाणं पाठव.