जबाब आणि साक्षीत फरक पडला म्हणून साक्षीदार तुरुंगात जात नाही

मेसेज असा: 'सावधान! १ जुलै २०२४ पासून नवा कायदा. पोलिसांना दिलेला जबाब आणि कोर्टातली साक्ष यात फरक पडला तर साक्षीदाराला जागच्या जागी अटक, ७ वर्षं कैद. बेस्ट बेकरीची साक्षीदार आठवा. समन्स घेऊच नका. घेतलंत तर जबाब पाठ करून जा.' घरासमोरच्या अपघाताच्या खटल्यात माझ्या मावशीला समन्स आलंय. हे वाचून ती म्हणते, मी जातच नाही. म्हणून हे लिहितोय.

कायदा नवा नाही. खोट्या साक्षीला ७ वर्षांपर्यंतची शिक्षा १८६० च्या दंडसंहितेतही होती, कलम १९३. १ जुलै २०२४ पासून ते भारतीय न्याय संहितेचं कलम २२९ झालं, एवढंच.

खरा घोळ पोलिसांच्या जबाबाचा आहे. तो शपथेवर नसतो, त्यावर साक्षीदाराची सही घ्यायची नाही असं कायदाच सांगतो. शिवाय तो लिहितो कोण? हवालदार. 'समक्ष विचारल्यावरून जबाब लिहून देते की' इथपासून सगळी भाषा त्याची. मावशी म्हणाली 'पांढरी गाडी भरधाव आली', कागदावर उतरलं 'पांढऱ्या रंगाचे चारचाकी वाहन हयगयीने व अविचाराने चालवून'. हे तिने पाठ करायचं? उलटतपासणीत पहिल्या दोन प्रश्नांतच पाठांतर उघडं पडेल आणि खरी साक्षही वाया जाईल. जे लिहिलंय ते आपण बोललोच नसू, तर कोर्टात तसं स्पष्ट सांगावं. फरक मोठा असेल तर साक्षीचं वजन कमी होतं, आरोपीला फायदा मिळतो. पण तो गुन्हा होत नाही. गुन्ह्यासाठी शपथेवर, जाणूनबुजून खोटं बोललेलं असावं लागतं. वेळ, अंतर, कोण कुठे उभं होतं, यात माणूस चुकतोच. भरवाडा भोगीनभाई खटल्यात (१९८३) सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं: साक्षीदाराची स्मृती छायाचित्रासारखी नसते, मनाच्या पडद्यावर व्हिडिओ टेप पुन्हा चालवल्यासारखं त्याला आठवत नाही.

जागच्या जागी अटकही नाही. न्यायहितासाठी कारवाई गरजेची आहे असं कोर्टाला वाटलं, तर कोर्ट स्वतः लेखी तक्रार करतं. पोलीस किंवा समोरचा वकील परस्पर गुन्हा नोंदवू शकत नाहीत. खोटं उघड असेल तर तेच कोर्ट संक्षिप्त खटला चालवून ३ महिन्यांपर्यंत शिक्षा देऊ शकतं, पण आधी साक्षीदाराचं म्हणणं ऐकावं लागतं.

एक गोष्ट मान्य करावी लागेल. दंडाधिकाऱ्यासमोर शपथेवर एक सांगितलं (फौजदारी प्रक्रिया संहितेचं पूर्वीचं कलम १६४, आता नागरिक सुरक्षा संहितेचं १८३) आणि सत्र न्यायालयात शपथेवर बरोबर उलटं, तर दोन्हींपैकी नेमकं खोटं कोणतं हे सिद्ध न करताही दोषी ठरवता येतं. मावशीचा असा जबाब झालेलाच नाही. आणि २००२ च्या गुजरात दंगलीतल्या बेस्ट बेकरी हत्याकांडाच्या खटल्यात साक्ष फिरवणाऱ्या झाहिरा शेखला २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दिलेली एक वर्षाची कैद न्यायालयाच्या अवमानाची होती.

समन्स टाळणं मात्र खरोखर धोक्याचं. मुद्दाम गैरहजर राहणाऱ्या साक्षीदारावर कोर्ट वॉरंट काढू शकतं. गंभीर गुन्ह्याच्या खटल्यात आरोपीकडून धमकी येत असेल तर २०१८ च्या साक्षीदार संरक्षण योजनेखाली जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालच्या समितीकडे अर्ज करता येतो, सुनावणी सुरू होण्याआधीही.