इन्ग्रिड बर्गमन: हॉलिवूडच्या आधीची चार वर्षं

स्वीडिश अभिनेत्री इन्ग्रिड बर्गमनवरचा तुमचा लेख आवडला, पण तिची कारकीर्द १९३९ च्या हॉलिवूडच्या 'इंटरमेझो'पासून मोजलीत, ते पटलं नाही. तो मुळात तिच्याच १९३६ च्या स्वीडिश चित्रपटाचा रिमेक. गुस्ताफ मोलांडर दिग्दर्शक, व्हायोलिनवादकाच्या भूमिकेत गोस्ता एकमन आणि पियानो शिकवणारीच्या भूमिकेत ही. १९३३ मध्ये स्टॉकहोमच्या रॉयल ड्रामॅटिक थिएटरच्या अभिनयशाळेत गेली, वर्षभरातच चित्रपटांसाठी ती सोडली. १९३५ च्या 'मुंकब्रोग्रेवेन'मध्ये हॉटेलातली मोलकरीण झाली, तीच तिची पहिली बोलती भूमिका.

खरी दाद द्यायची तर १९३८ च्या 'एन क्विनास आन्सिक्ते'ला. त्यात ती चेहरा विद्रूप झालेली, लोकांना ब्लॅकमेल करणाऱ्या टोळीची म्होरकी आहे. नुसत्या रंगरंगोटीने गाल तसा दिसेना, म्हणून दंतवैद्य असलेल्या नवऱ्याने, पेटर लिंडस्ट्रोमने, तोंडात बसवायची पट्टी बनवली. ती आतून गाल बाहेर ढकलायची. तेविशीच्या आत, देखणी नायिका म्हणून नाव झालेलं असताना अशी भूमिका घ्यायला हिंमत लागते! पुढे हॉलिवूडच्या सेल्झनिक या निर्मात्याने नाव, भुवया बदलायला सांगितल्या तेव्हा ती ठाम नाही म्हणू शकली, त्यामागे हीच स्वीडनमधली कमाई होती. आधी १९३६ चा 'इंटरमेझो' बघा, मग १९३९ चा.