चौदाव्या राउंडनंतर: एडी फच यांच्यावरच्या आक्षेपांना उत्तर

नमस्कार. बॉक्सिंग प्रशिक्षक एडी फच यांच्यावरच्या माझ्या लेखावर तुम्ही दोन आक्षेप घेतले आहेत. पहिला असा की हेवीवेट बॉक्सर जो फ्रेझियरला घडवलं ते यॅन्क डरहॅम यांनी, फच आयत्या बिळावर नागोबा झाले. दुसरा जास्त गंभीर आहे: 1975 मध्ये मनिला इथे मुहम्मद अलीविरुद्धची पंधरा राउंडची लढत चौदाव्या राउंडनंतर थांबवून फच यांनी फ्रेझियरच्या तोंडचा घास काढून घेतला. अलीचे प्रशिक्षक अँजेलो डंडी यांच्यासारखा खरा गुरू बॉक्सरला पुढे ढकलतो, असं तुमचं म्हणणं.

डरहॅम मुख्य प्रशिक्षक होते आणि 1973 मध्ये ते वारल्यावर कॉर्नर, म्हणजे लढतीत बॉक्सरला सांभाळायची जबाबदारी, फच यांच्याकडे आला, हे मान्यच आहे. पण त्याआधी फच नुसते पाण्याची बाटली धरून उभे नव्हते. उजव्या हाताने अपरकट (खालून वर येणारा ठोसा) मारताना अली तो हात खाली नेतो आणि तेवढ्यापुरता त्याचा जबडा उघडा पडतो, हे त्यांनी हेरलं होतं. अपरकट येताना दिसला की लेफ्ट हुक (डाव्या हाताचा बाजूने वळून येणारा ठोसा) सोडायचा, हे त्यांनी फ्रेझियरकडून घोटून घेतलं. मार्च 1971 मध्ये न्यूयॉर्कला पंधराव्या राउंडमध्ये अली पाठीवर पडला तो लेफ्ट हुकनेच. दोन वर्षांनी सॅन डिएगोत केन नॉर्टनने अलीला हरवलं, जबडाही मोडला. नॉर्टनही फच यांचाच शिष्य. उजवा हात खाली ठेवून अली जॅब (पुढच्या डाव्या हाताचा सरळ ठोसा) मारतो, तेव्हा तू उजवा हात चेहऱ्यासमोर धरून तो जॅब अडव आणि त्याच क्षणी आपला जॅब मार, असा त्याला सल्ला होता. कुलूप एकच आणि दोन वेगळ्या किल्ल्या. याला आयतं कसं म्हणायचं?

आता मनिला. लढतीआधीच फच रेफ्रीसाठी अडून बसले होते. 1974 च्या लढतीत अलीने फ्रेझियरची मान वारंवार धरून खाली दाबली होती आणि रेफ्रीने ते चालू दिलं होतं. या वेळी स्थानिक रेफ्री हवा, असा त्यांनी आग्रह धरला आणि कार्लोस पाडिया नेमले गेले. शिष्याला जिंकता यावं म्हणून जे करता येईल ते सगळं त्यांनी केलं होतं. लढत थांबवणारा माणूस हाच, हे विसरू नका.

फ्रेझियरच्या डाव्या डोळ्याला नीट दिसत नव्हतं. ही गोष्ट त्याने कारकीर्दभर लपवली आणि पुढे स्वतःच सांगितली. त्याची सगळी भिस्त उजव्या डोळ्यावर होती आणि मनिलात तोच सुजून मिटत गेला. तेराव्या राउंडमध्ये दात वाचवायला तोंडात धरलेलं त्याचं माउथपीस उडालं. चौदाव्यात अलीचे उजव्या हाताचे ठोसे सरळ तोंडावर येत होते आणि फ्रेझियरचं डोकं हलत नव्हतं. एरवी ज्याचं डोकं क्षणभर स्थिर नसायचं, तो हा बॉक्सर! ठोसा दिसत असता तर तो वाकला असता. कॉर्नरमध्ये एका मिनिटाची विश्रांती असते. बर्फ, व्हॅसलीन, पाणी यांतच ती सरते, आणि तेवढ्यातच पुढची तीन मिनिटं हा माणूस झेलू शकेल का, हेही ठरवायचं असतं. फ्रेझियर म्हणत होता, मला लढायचंय. फच यांनी त्याला खाली बसवलं आणि सांगितलं, आता संपलं, आज तू इथे जे केलंस ते कोणी विसरणार नाही.

अली पंधराव्या राउंडला उठलाच नसता, असं तुम्ही लिहिता. हा वाद आजही चालू आहे. पण समोरच्या कॉर्नरमध्ये काय चाललंय यावर फच यांनी आपल्या शिष्याचा जीव पणाला लावायचा होता का? तिन्ही पंचांच्या गुणपत्रिकांवर अली पुढे होता. म्हणजे फ्रेझियरला नॉकआउटच हवा होता, तोही जवळजवळ आंधळेपणाने.

डंडींचं उदाहरण तर तुमच्याच विरुद्ध जातं. 1964 मध्ये तेव्हाचा विजेता सनी लिस्टनविरुद्ध डोळे जळत असताना ग्लोव्ह्ज काढा म्हणणाऱ्या क्लेला (अलीचं आधीचं नाव) त्यांनी रिंगमध्ये परत ढकललं, हे बरोबर. पण 1980 मध्ये लास वेगासला लॅरी होम्सपुढे तोच अली नुसता मार खात होता, तेव्हा दहाव्या राउंडनंतर लढत थांबवली ती डंडींनीच. कॉर्नरमधल्या सहकाऱ्याचा विरोध मोडून. ढकलणं आणि थांबवणं, दोन्ही त्याच माणसाने केलं.

फ्रेडी रोच फच यांच्या हाताखाली बॉक्सर होता. फच यांनी त्याला आता थांब म्हटलं. त्याने ऐकलं नाही, तो लढत राहिला आणि शेवटच्या सहापैकी पाच लढती हरला. पुढे तो फच यांचाच सहायक झाला, धंदा शिकला आणि 2001 पासून बॉक्सर मॅनी पॅकियाओला घडवलं. तोवर रोचला पार्किन्सन्स हा मज्जासंस्थेचा आजार जडला होता. फच यांचा शब्द किती मोलाचा होता हे विचारायचं तर त्याला विचारावं.

मनिलाची लढत पुन्हा पाहणार असाल तर चौदावा राउंड समालोचनाचा आवाज बंद करून पाहा. अलीकडे लक्ष देऊ नका, फक्त फ्रेझियरच्या डोक्याची हालचाल बघा. मग पंधरावा राउंड व्हायला हवा होता असं अजूनही वाटलं, तर इथेच लिहा. मी नक्की वाचेन.