मिसिंगसाठी चोवीस तास थांबा, असं कोणत्या कायद्यात लिहिलंय?

व्हॉट्सॲपवर एक मजकूर पुन्हा फिरतोय: 'माणूस हरवला तर पोलीस चोवीस तासांआधी तक्रार घेऊ शकत नाहीत, कायदाच तसा आहे. ठाण्यात वेळ घालवू नका, थेट हायकोर्टात हेबियस कॉर्पस टाका. कोर्ट चोवीस तासांत माणूस समोर उभा करायला लावतं. पळून गेलेली मुलगी असेल तर आईवडिलांच्या ताब्यात देतं.' खाली 'जनहितार्थ'. (हेबियस कॉर्पस म्हणजे बेकायदा डांबलेल्या माणसाला कोर्टापुढे हजर करा, असा आदेश मागणारी याचिका.) यातलं एकही वाक्य धड नाही.

आधी ते चोवीस तास. अटक केलेल्या माणसाला चोवीस तासांत दंडाधिकाऱ्यापुढे हजर करायचं, असं संविधानाचं कलम २२ सांगतं. आकडा बहुधा तिथूनच उचललेला दिसतो. हरवलेल्या माणसासाठी असा थांबा कुठल्याही कायद्यात नाही. 'मैत्रिणीकडे गेली असेल, सकाळपर्यंत वाट बघा' ही ठाणे अंमलदाराची सवय आहे, नियम नव्हे. आणि ती महागात पडते. पहिल्या रात्री फोन चालू असतो, टॉवर लोकेशन मिळतं. दुकानांच्या सीसीटीव्हीचं रेकॉर्डिंग काही दिवसांत पुसलं जातं. त्यामुळे लगेच जा. अंगावरचे कपडे, उंची, खुणा, मोबाइल नंबर, अलीकडचा फोटो द्या आणि मिसिंगचा नोंद क्रमांक घेतल्याशिवाय उठू नका.

हरवलेली व्यक्ती अठरा वर्षांखालची असेल तर नुसती मिसिंगची नोंद पुरतच नाही. बालहक्कांसाठी काम करणाऱ्या 'बचपन बचाओ आंदोलन' या संस्थेच्या याचिकेवर २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की मूल हरवल्याची तक्रार आली की अपहरण किंवा तस्करी गृहीत धरून एफआयआर नोंदवायचा. 'आमच्या हद्दीत येत नाही' हेही उत्तर चालत नाही. दखलपात्र (म्हणजे पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकतात असा) गुन्हा असेल तर हद्द कुठलीही असो, झिरो एफआयआर घ्यावा लागतो. नकार मिळाला तर तक्रार लेखी, पोस्टाने अधीक्षकांकडे किंवा आयुक्तांकडे. तिथेही हालचाल नसेल तर दंडाधिकाऱ्याकडे अर्ज.

'ठाण्यात वेळ घालवू नका' हा सल्ला तर सगळ्यात घातक. हेबियस म्हणजे हरवलेला माणूस शोधायचं यंत्र नव्हे. कोणीतरी त्याला बेकायदा डांबून ठेवलंय, हे प्रथमदर्शनी दाखवावं लागतं. डांबणारा पोलीस असो, लष्कर असो की सासरची मंडळी. सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली युमनाम आनंद प्रकरणात हे पुन्हा बजावलं: ही याचिका हक्काची आहे, पण मागितली की आपोआप मिळणारी नाही. हायकोर्टं हरवलेल्यांच्या याचिकाही कधी कधी ऐकतात, पोलिसांकडून तपासाचा अहवाल मागवतात, आणि मग अचानक पथकं नेमली जातात, हे खरंच आहे. पण तेव्हा न्यायमूर्ती पहिलं विचारतात, तक्रार कधी दिली? ठाण्याची पायरीच चढला नसाल तर सांगणार काय?

एफआयआर सक्तीचा करणारा ललिता कुमारी निकाल (२०१३, पाच न्यायमूर्ती) अशाच हेबियस याचिकेतून आला. गाझियाबादच्या एका बापाने पळवून नेलेल्या अल्पवयीन मुलीसाठी ती केली होती. ठाण्याने दाद दिली नाही म्हणून तो अधीक्षकांकडे गेला, तेव्हा एफआयआर झाला. तरी मुलीचा शोध पुढे सरकला नाही. हा सगळा कागदोपत्री माग हातात होता, म्हणून त्याच्या म्हणण्याला वजन आलं.

'चोवीस तासांत हजर' अशी मुदत कुठेच ठरलेली नाही. कोर्ट नोटीस काढतं, उत्तर मागवतं, तारखा पडतात. मणिपूरमध्ये लष्कराने नेलेल्या दोघांसाठी सेबॅस्टियन होंग्रे प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने आदेश काढला, तरी ते दोघे हजर झालेच नाहीत. १९८४ साली त्यांच्या पत्नींना प्रत्येकी एक लाख रुपये द्यायला सरकारला सांगावं लागलं.

राहिला मुलीचा ताबा. सज्ञान मुलगी कोर्टात आली की तिलाच विचारलं जातं, कुठे जायचंय? हादिया या सज्ञान तरुणीने स्वतःच्या मर्जीने केलेला विवाहच केरळ हायकोर्टाने तिच्या वडिलांच्या हेबियस याचिकेत रद्द ठरवला होता. सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये तो निकाल फिरवला. तेव्हा सज्ञान मुलीला घरी ओढून आणायला वकील लावणाऱ्यांनी फीचा विचार आधीच केलेला बरा.