खुलासा : फोटोतला तो मुलगा अभिनेता आहे

एका जपानी मुलाचा फोटो आणि ‘आईने टाकून दिलेला हाच तो खरा मुलगा, सिनेमात सगळं जसंच्या तसं आहे’ असा मजकूर ग्रुपांवर फिरतोय. गेल्या आठवड्यात मीही तो पुढे पाठवला होता. ती माझी चूक होती.

फोटो जपानी दिग्दर्शक हिरोकाझू कोरे-एदा यांच्या ‘नोबडी नोज’ (2004) या चित्रपटातला आहे. मुलगा आहे युया यागिरा. याच भूमिकेसाठी त्याला वयाच्या चौदाव्या वर्षी कान चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला.

चित्रपटामागे 1988 साली टोकियोच्या सुगामो भागात उघडकीला आलेली, आईने भावंडांना टाकून दिल्याची घटना आहे, हे खरंच. पण तपशील आणि पात्रं काल्पनिक असल्याचं चित्रपट सुरुवातीलाच सांगतो. मी काल तो पुन्हा लावून ती पाटी वाचली. पडद्यावर धाकटी बहीण खुर्चीवरून पडून दगावते. प्रत्यक्षात ती मारहाणीत गेली. पडद्यावरची आई एकदा येऊन पुन्हा जाते, ती शेवटपर्यंत परतत नाही. खरी आई पोलिसांपुढे हजर झाली आणि तिला शिक्षाही सुनावली गेली.

ती भावंडं खरोखर होती, म्हणूनच हे लिहावंसं वाटलं. कृपया तो मेसेज पुढे पाठवू नका, आणि पाठवला असेल तिथे हा खुलासा टाका.